एमडीएम२ची अँटिबॉडी: खरा बँड ओळखेपर्यंतची कामाची पद्धत

एमडीएम२ हे युबिक्विटिन लायगेज, म्हणजे दुसऱ्या प्रथिनांना युबिक्विटिन या छोट्या प्रथिनाचे शेपूट लावणारे एन्झाइम. ते गाठी रोखणाऱ्या पी५३ या प्रथिनाला हे शेपूट लावून प्रोटिअसोमकडे, म्हणजे पेशीतल्या प्रथिने तोडणाऱ्या यंत्राकडे, पाठवते आणि संधी मिळाली की स्वतःलाही तेच शेपूट लावून घेते. १९९२ साली ते पी५३ला चिकटते हे कळले, १९९७ साली पी५३चा नाश घडवून आणते हे कळले. तेव्हापासून कर्करोगावर काम करणाऱ्या बहुतेक प्रयोगशाळांत त्याची एखादी तरी अँटिबॉडी फ्रीझरमध्ये असते. तरीही वेस्टर्न ब्लॉटवर (प्रथिने जेलवर आकारानुसार वेगळी करून, मेम्ब्रेनवर उतरवून अँटिबॉडीने शोधायची पद्धत) या प्रथिनाइतका घोळ क्वचितच दुसऱ्या कशाने होतो. कारणे तीन. पेशीत ते थोडेच असते. त्याचे अर्धायुष्य जेमतेम अर्ध्या तासाचे. आणि हिशेबाने जिथे दिसायला हवे तिथे ते दिसतच नाही.

म्हणून या लेखात सगळा भर एकाच गोष्टीवर आहे: मेम्ब्रेनवर दिसणारा बँड एमडीएम२चाच आहे हे आधी सिद्ध करायचे, मग प्रयोगाला हात घालायचा. डेटाशीटवरचा सुंदर फोटो हा पुरावा नव्हे.

कुठे दिसायला हवे

मानवी एमडीएम२मध्ये ४९१ अमिनो आम्ले आहेत. त्यावरून वजन काढले तर सुमारे ५५ किलोडाल्टन येते. जेलवर मात्र पूर्ण लांबीचे प्रथिन ९० किलोडाल्टनच्या आसपास थांबते, कारण त्याच्या मधल्या भागात आम्लधर्मी अमिनो आम्लांची गर्दी आहे आणि अशी प्रथिने एसडीएस-जेलमध्ये नेहमीपेक्षा हळू सरकतात. नवखा विद्यार्थी ५५वर बँड शोधतो, तिथे काहीतरी सापडतेच, आणि पुढचे सहा महिने तो चुकीच्या बँडची घनता मोजत बसतो.

९०खेरीज आणखी दोन बँड खरे असू शकतात. ७५च्या आसपासचा बँड म्हणजे सुरुवातीची ४९ अमिनो आम्ले नसलेले रूप. ६०च्या आसपासचा बँड म्हणजे कॅस्पेजने (पेशी मरताना प्रथिने कापणाऱ्या एन्झाइमने) ३६१व्या अ‍ॅस्पार्टेटपाशी तोडलेला पुढचा तुकडा. पेशी मरू लागल्या की हा तुकडा वाढतो. त्यात पी५३ धरणारा भाग शाबूत असतो, पण शेवटचा रिंग भाग, म्हणजे लायगेजचे खरे यंत्र, गेलेले असते. एमडीएम२चा भाऊ एमडीएमएक्स ७५ ते ८०च्या पट्ट्यात धावतो. त्यामुळे तिथला बँड पाहून लगेच निष्कर्ष काढू नका.

क्लोन निवडताना

‘अँटी-एमडीएम२’ एवढेच नाव पाहून मागणी नोंदवू नका. अँटिबॉडी प्रथिनाच्या कोणत्या तुकड्याला धरते ते आधी पाहा, कारण तुम्हाला काय दिसेल आणि काय दिसणार नाही हे त्यावरच ठरते.

४बी२ हा क्लोन (एकाच पेशीवंशातून मिळणारी अँटिबॉडी) १९ ते ५० या भागाला धरतो. पूर्ण लांबीचे प्रथिन त्याला दिसते, ७५चे आखूड रूप दिसत नाही. ३जी५ची पकड पी५३ बसते त्याच खोबणीत आहे. ब्लॉटवर प्रथिन उलगडलेले असल्याने तिथे अडचण नाही. पण इम्युनोप्रेसिपिटेशनमध्ये (अँटिबॉडीने प्रथिन नमुन्यातून ओढून काढताना) पी५३ आधीच बसलेले असेल तर ३जी५ला जागाच मिळत नाही. पी५३-एमडीएम२ची जोडी ओढून काढायला ३जी५ वापरून ‘जोडी तुटली’ असा निष्कर्ष काढणे म्हणजे स्वतःचीच फसवणूक. आयएफ२ हा क्लोन २६ ते १६९ या तुकड्याविरुद्ध बनवलेला आहे आणि ऊतींच्या काचांवर तो बराच वापरला जातो. एसएमपी१४ हा १५४ ते १६७ या पेप्टाइडविरुद्धचा आहे. तो लोकप्रिय आहे, पण केराटिन गटातल्या काही प्रथिनांनाही चिकटतो. एपिथेलियल पेशींवर काम असेल तर एसएमपी१४चा ६०च्या खालचा कोणताही बँड संशयानेच पाहावा.

२ए१० हा जुना आणि भरवशाचा क्लोन. त्याला पकडीच्या दोन जागा आहेत: २५५ ते २६६ आणि ३८९ ते ४०२. पहिली जागा कॅस्पेजच्या कापाच्या अलीकडे असल्याने ६०चा तुकडाही त्याला दिसतो. दुसऱ्या जागेत ३९५वे सेरीन येते. डीएनए तुटल्यावर एटीएम हे कायनेज त्यावर फॉस्फेट बसवते आणि २ए१०ची तिथली पकड सैल होते. म्हणजे किरणोत्सर्ग किंवा डॉक्सोरुबिसिन दिल्यानंतर २ए१०चा बँड फिका पडला तर दोन शक्यता असतात: प्रथिन खरेच कमी झाले, किंवा आहे तितकेच आहे पण अँटिबॉडीला दिसत नाही. यातली कोणती खरी हे तपासायची रीत पुढे दिली आहे.

सात लेनची पहिली चाचणी

अँटिबॉडी नवी असो वा जुनीच पण नव्या लॉटची, पहिल्या जेलवर खालील सात नमुने चालवा. दहा खाचांच्या कंगव्यात मार्करसह ते सहज बसतात.

१. एमसीएफ-७, फक्त डीएमएसओ
२. एमसीएफ-७, न्यूटलिन-३
३. एच१२९९, फक्त डीएमएसओ
४. एच१२९९, न्यूटलिन-३
५. एमसीएफ-७, नियंत्रण एसआयआरएनए आणि न्यूटलिन-३
६. एमसीएफ-७, एमडीएम२चे एसआयआरएनए आणि न्यूटलिन-३
७. एसजेएसए-१, काहीही न देता

यामागचा विचार असा. डीएमएसओ हा औषधाचा द्रावक, आणि एसआयआरएनए म्हणजे ठरावीक प्रथिन बनू न देणारा छोटा आरएनए. एमसीएफ-७ या स्तनकर्करोगाच्या पेशीमालिकेत पी५३ धडधाकट आहे. न्यूटलिन-३ पी५३ला एमडीएम२च्या खोबणीतून बाहेर ठेवते. मोकळे झालेले पी५३ साचते आणि एमडीएम२च्याच जनुकाचा दुसरा प्रमोटर (जनुक चालू करणारा डीएनएचा भाग) चालू करते. म्हणून दुसऱ्या लेनमध्ये ९०चा बँड पहिलीपेक्षा ठळक वाढायलाच हवा. एच१२९९ या फुप्फुसाच्या कर्करोगाच्या पेशींत पी५३ नाही, त्यामुळे तिसऱ्या आणि चौथ्या लेनमध्ये फरक पडू नये. एसजेएसए-१ ही हाडाच्या सार्कोमाची पेशीमालिका. तिच्यात एमडीएम२ जनुकाच्या अनेक प्रती आहेत, त्यामुळे बँड भक्कम येतो.

इथे एक गैरसमज वारंवार आढळतो. एच१२९९ किंवा साओस-२ला (पी५३ नसलेली आणखी एक पेशीमालिका) लोक ‘एमडीएम२ नसलेल्या पेशी’ समजतात. तसे नाही. पहिला प्रमोटर पी५३शिवायही चालतो, म्हणून या पेशींत थोडे एमडीएम२ असतेच. तिथे फिका बँड दिसला म्हणून अँटिबॉडी टाकून देऊ नका. खरा निकाल पाचव्या आणि सहाव्या लेनमधल्या फरकावर लागतो. बँड एसआयआरएनएने पडला आणि न्यूटलिनने वाढला तरच तो एमडीएम२चा. दोन्हींपैकी एकच घडले तर नाही.

एमडीएम२ आणि पी५३ या दोन्ही जनुकांविना वाढवलेल्या उंदराच्या भ्रूणपेशी मिळाल्या तर त्याहून चांगले शून्य नियंत्रण नाही. मात्र तुमची अँटिबॉडी उंदराच्या प्रथिनाला धरते ना, याची आधी खात्री करा. पेशीमालिकांसाठी पुण्याच्या राष्ट्रीय पेशी विज्ञान केंद्राच्या पेशी भांडारात चौकशी करता येते. शेजारच्या प्रयोगशाळेतून ओळख न तपासलेला फ्लास्क आणण्यापेक्षा ते कधीही बरे.

पेशी आणि औषध

६० मिलिमीटरच्या डिशमध्ये पेशी ६० ते ७० टक्के भरल्या की औषध द्या. न्यूटलिन-३चा साठा डीएमएसओमध्ये १० मिलिमोलर ठेवा. १ मिलिलिटर माध्यमाला १ मायक्रोलिटर म्हणजे १० मायक्रोमोलर, आणि डीएमएसओ ०.१ टक्का. नियंत्रण डिशमध्येही तितकेच डीएमएसओ घाला. वेळ १६ ते २४ तास.

एसआयआरएनए २० ते २५ नॅनोमोलर, एकूण ४८ तास, त्यांतल्या शेवटच्या १६ तासांत न्यूटलिन. निदान दोन वेगवेगळ्या क्रमांचे एसआयआरएनए वापरा. एमडीएम२ गेले की पी५३ वाढते आणि काही पेशी मरतात, ते अपेक्षितच आहे. पण ७२ तासांपर्यंत थांबलात तर हाती मेलेल्या पेशींचा गाळ येईल. नमुना काढताना वर तरंगणाऱ्या पेशीही गोळा करा. ६०चा तुकडा बहुतेक त्यांच्यातच असतो.

औषधाशिवाय एमडीएम२ दिसतच नसेल तर शेवटचे ४ तास एमजी-१३२, १० मायक्रोमोलर द्या. प्रोटिअसोम बंद पडला की एमडीएम२ साचते. मात्र त्याबरोबर युबिक्विटिन लागलेली रूपेही साचतात आणि ९०च्या वर धूसर पट्टा चढतो. मोजमापाच्या प्रयोगात एमजी-१३२ टाळलेलेच बरे.

लायसेट (फोडलेल्या पेशींचा अर्क): सगळ्यात जास्त नुकसान इथे

एमडीएम२चा मोठा हिस्सा केंद्रकात असतो. नुसत्या एनपी-४०च्या सौम्य बफरने केंद्रक नीट फुटत नाही. प्रथिन गाळाबरोबर खाली बसते आणि तुम्ही ते टाकून देता. म्हणून रिपा बफर वापरा: ट्रिस ५० मिलिमोलर, पीएच ७.४; सोडियम क्लोराइड १५० मिलिमोलर; एनपी-४० १ टक्का; सोडियम डीऑक्सिकोलेट ०.५ टक्का, एसडीएस ०.१ टक्का. वापरण्याच्या क्षणी त्यात घाला: पीएमएसएफ १ मिलिमोलर, प्रोटिएज इनहिबिटर कॉकटेल, सोडियम फ्लोराइड १० मिलिमोलर, सोडियम ऑर्थोव्हॅनाडेट १ मिलिमोलर आणि एनईएम १० मिलिमोलर.

एनईएम विसरू नका. पेशी फुटल्या की युबिक्विटिन काढून टाकणारी एन्झाइमे मोकाट सुटतात, त्यांच्यातल्या बहुतेकांचे सक्रिय सिस्टीन एनईएम झाकून टाकते. एनईएमचा साठा इथेनॉलमध्ये त्याच दिवशी करा, पाण्यात तो लवकर खराब होतो. आणि लायसिस बफरमध्ये डीटीटी घालू नका, दोघे एकमेकांना खाऊन टाकतात. पीएमएसएफही पाण्यात फार टिकत नाही, तेव्हा सकाळी तयार केलेला बफर संध्याकाळी वापरायचा नाही.

माध्यम काढा, बर्फगार पीबीएसने दोनदा धुवा, १०० ते १५० मायक्रोलिटर बफर घाला, खरवडून घ्या, २० मिनिटे बर्फावर ठेवा. १० सेकंदांचे तीन सोनिकेशन झटके द्या. सोनिकेटर नसेल तर २३ गेजच्या सुईतून दहा वेळा ओढा. डीएनए तुटले नाही तर नमुना शेंबडासारखा चिकट होतो आणि लेन वाकडी धावते. १४,००० जी, ४ अंश, १५ मिनिटे. प्रथिन बीसीएने मोजा. ब्रॅडफोर्डला रिपातले डिटर्जंट सहन होत नाही.

माध्यम काढल्यापासून सेंट्रिफ्यूजपर्यंतचा वेळ सगळ्या डिशना सारखा द्या. अर्ध्या तासाच्या अर्धायुष्याचे प्रथिन आहे. पहिली डिश बर्फावर गेली आणि आठवी पंचवीस मिनिटे बाकावर तशीच राहिली, तर जो ‘फरक’ दिसेल तो तुमच्या हातांच्या गतीचा असेल.

जेल आणि ट्रान्सफर

८ टक्क्यांचे जेल घ्या. १० मिलिलिटरसाठी: पाणी ४.६, ३० टक्के अ‍ॅक्रिलामाइड मिश्रण २.७, १.५ मोलर ट्रिस पीएच ८.८ २.५, १० टक्के एसडीएस ०.१, १० टक्के अमोनियम परसल्फेट ०.१ मिलिलिटर आणि टेमेड ६ मायक्रोलिटर. गोठण्यापूर्वीचे अ‍ॅक्रिलामाइड मज्जासंस्थेला विषारी असते, हातमोजे घालूनच काम करा.

प्रत्येक लेनला ४० मायक्रोग्रॅम, एसजेएसए-१ला २० पुरे. १५ मायक्रोलिटर लायसेट आणि ५ मायक्रोलिटर चौपट सँपल बफर असे बसवायचे तर लायसेट मायक्रोलिटरमागे निदान २.७ मायक्रोग्रॅमचे हवे. ९५ अंशांवर ५ मिनिटे. स्टॅकिंगमधून ८० व्होल्टवर, नंतर १२० व्होल्टवर चालवा आणि ३५चा मार्कर तळाशी आला की थांबवा, म्हणजे त्याच मेम्ब्रेनवर पी५३ही मिळेल.

ट्रान्सफर ओला करा. ०.४५ मायक्रॉनचे पीव्हीडीएफ, आधी मिनिटभर मेथॅनॉलमध्ये. बफरमध्ये ट्रिस २५, ग्लायसिन १९२ मिलिमोलर, मेथॅनॉल १० ते २० टक्के. १०० व्होल्ट, ९० मिनिटे, बर्फाच्या पेटीत. नंतर पॉन्सो (प्रथिने दाखवणारा लाल रंग) लावून मेम्ब्रेनचा फोटो काढून ठेवा. बुडबुडा कुठे होता, लेन सारख्या भरल्या का, हे नंतर ब्लॉट बिघडल्यावर याच फोटोवरून कळते.

ब्लॉकिंग ते बँड

टीबीएस-ट्वीन, म्हणजे ट्रिस २० मिलिमोलर पीएच ७.६, सोडियम क्लोराइड १५० मिलिमोलर, ट्वीन-२० ०.१ टक्का. त्यात ५ टक्के साय काढलेल्या दुधाची पावडर, तासभर. आपल्याकडे किराणा दुकानात ‘दुधाची पावडर’ मागितली की बरेचदा डेअरी व्हाइटनर हातात पडते. त्यात साखर आणि स्निग्धांश असतो, ते चालत नाही. पाकिटावर स्किम्ड मिल्क पावडर लिहिलेले पाहून घ्या. फॉस्फो-अँटिबॉडीसाठी दुधाऐवजी बीएसए, कारण दुधातले केसीन स्वतःच फॉस्फेटने लदलेले असते.

पहिल्या अँटिबॉडीची मात्रा डेटाशीटवरून उचलू नका, ठरवा. दुसऱ्या लेनचाच नमुना चार पट्ट्यांवर घेऊन १:२५०, १:५००, १:१००० आणि १:२००० लावा. बँड आणि पार्श्वभूमी यांच्यात सर्वांत जास्त तफावत देणारी मात्रा निवडा. सर्वांत गडद बँड देणारी नव्हे. ४ अंशांवर रात्रभर, हलवत. सकाळी १० मिनिटांचे तीन धुणे, मग एचआरपी (शेवटी प्रकाश निर्माण करणारे एन्झाइम) जोडलेली दुसरी अँटिबॉडी १:५००० ते १:१०,०००, तासभर, पुन्हा तीन धुणे. या दुसऱ्या पायरीत कुठेही सोडियम अझाइड नको, ते एचआरपीला मारते.

केमिल्युमिनेसन्सचे फोटो १० सेकंद, ३० सेकंद, १ मिनिट आणि ५ मिनिटे असे चारही घ्या. एसजेएसए-१ची लेन ३० सेकंदांतच भरून वाहू लागली तर ती मोजमापातून वगळा.

पहिल्या चाचणीत मेम्ब्रेन कापू नका. ७०वर कापून वर एमडीएम२ आणि खाली पी५३ व अ‍ॅक्टिन असे करायची सवय सगळ्यांनाच असते, पण त्यात ६०चा तुकडा दुसऱ्या पट्टीवर जातो आणि अँटिबॉडी आणखी कशाकशाला चिकटते हे कळतच नाही. अख्खी मेम्ब्रेन एकदा पाहिलीत की पुढे खुशाल कापा.

बिघाड आणि त्यांची कारणे

सगळ्या लेनमध्ये ९०वर सारखाच बँड, न्यूटलिन आणि एसआयआरएनए दोन्हींना दाद न देणारा: तो दुसऱ्याच प्रथिनाचा. दुसरा क्लोन घ्या. पण त्याआधी त्याच मेम्ब्रेनवर पी५३ पाहा. दुसऱ्या लेनमध्ये तेही वाढले नसेल तर दोष अँटिबॉडीत नाही, न्यूटलिनमध्ये आहे.

एसजेएसए-१मध्ये भक्कम आणि एमसीएफ-७मध्ये काहीच नाही: अँटिबॉडी चालते आहे, प्रथिन कमी पडते आहे. ६० मायक्रोग्रॅमपर्यंत जा, किंवा पेशींवर थेट उकळता सँपल बफर ओता. नाजूक प्रथिनासाठी ही रांगडी रीत पुष्कळदा सर्वांत प्रामाणिक उत्तर देते, फक्त प्रथिन मोजता येत नाही.

९० फिका आणि ६० ठळक: पेशी मरत आहेत. औषधाबरोबर कॅस्पेज रोखणारे झेड-व्हॅड २० मायक्रोमोलर देऊन पाहा. ६० नाहीसा झाला तर तो कॅस्पेजचा तुकडा. राहिला तर केराटिन किंवा असेच काही उपरे.

डीएनए तुटल्यानंतर २ए१०चा बँड गेला: लायसेट फॉस्फेटेज इनहिबिटर आणि ईडीटीए न घालता पुन्हा काढा. त्याचे दोन भाग करा. एकात लँब्डा फॉस्फेटेज (फॉस्फेट काढून टाकणारे एन्झाइम) आणि मँगनीज १ मिलिमोलर, दुसऱ्यात फक्त बफर. ३० अंशांवर ३० मिनिटे. फॉस्फेटेजने बँड परत आला तर प्रथिन तिथेच होते, फक्त झाकलेले. तोच नमुना ४बी२नेही पाहा. मात्र डॉक्सोरुबिसिननंतर सुरुवातीच्या तासा-दोन तासांत एमडीएम२ खरोखरही घटते आणि नंतर पी५३मुळे वाढते. म्हणून एकच वेळ न घेता १, २, ४, ८ आणि १६ तासांचे नमुने घ्या.

युबिक्विटिन लागलेले एमडीएम२ पाहायचे असेल तर

साध्या इम्युनोप्रेसिपिटेशनमध्ये एमडीएम२ला चिकटलेली इतर प्रथिनेही येतात, पी५३ तर येतेच, आणि त्यांच्यावरचे युबिक्विटिन एमडीएम२च्या नावावर जमा होते. म्हणून आधी सगळ्या जोड्या तोडायच्या. एमजी-१३२ ४ तास, मग १ टक्का एसडीएस आणि एनईएम असलेल्या १०० मायक्रोलिटर बफरमध्ये पेशी ९५ अंशांवर ५ मिनिटे उकळा, सोनिकेट करा, आणि एसडीएस नसलेला ९०० मायक्रोलिटर बफर घालून एसडीएस ०.१ टक्क्यावर आणा. यातल्या ५०० मायक्रोग्रॅम प्रथिनाला १ ते २ मायक्रोग्रॅम अँटिबॉडी, रात्रभर. दुसरीकडे त्याच जातीचे साधे आयजीजी, म्हणजे एमडीएम२ला न धरणारी अँटिबॉडी. ब्लॉटवर युबिक्विटिन पाहा: ९०पासून वर चढत जाणारा धूर दिसायला हवा.

प्रथिन ओढायला उंदराची अँटिबॉडी वापरली असेल तर ब्लॉटला सशाची घ्या. नाहीतर अँटिबॉडीची ५०ची जड साखळी पी५३वर बसते आणि ६०च्या तुकड्याच्या अगदी पायाशी येते. ४६४वे सिस्टीन बदललेले एमडीएम२ लायगेज म्हणून मेलेले असते. प्लाझ्मिड घालून काम करत असाल तर ते नियंत्रण ठेवाच. पण त्यावर थोडा धूर दिसला तरी घाबरू नका, पेशीतली इतर लायगेजेही एमडीएम२ला युबिक्विटिन लावू शकतात.

काचेवरची गोष्ट वेगळी

लायपोसार्कोमाच्या (चरबीच्या कर्करोगाच्या) काही प्रकारांच्या निदानात विकृतिशास्त्रज्ञ एमडीएम२चे केंद्रकातले रंगणे पाहतात, कारण त्या गाठींत १२व्या गुणसूत्रावरचा हा भाग वाढलेला असतो. ब्लॉटवर उत्तम चाललेला क्लोन फॉर्मलिनमध्ये बुडवलेल्या ऊतीवर चालेलच असे नाही, आणि उलटही तसेच. तिथे चाचणी पुन्हा शून्यापासून: जनुकाच्या प्रती वाढल्याचे फिशने (चमकत्या रंगाने जनुकाच्या प्रती मोजणाऱ्या चाचणीने) ठरलेली गाठ धन नियंत्रण, साधी चरबीची गाठ ऋण नियंत्रण. ऊतीत शिरलेल्या मॅक्रोफेजांची केंद्रकेही रंगतात, त्यांना गाठीच्या पेशी समजू नका. रंग शंकास्पद असेल तर निकाल फिशचा.

साठवण

कुपी आली की आधी थोडी सेंट्रिफ्यूज करा, झाकणाला लागलेले थेंबही महागाचे असतात. ५० टक्के ग्लिसरॉलमधली अँटिबॉडी उणे २० अंशांवर गोठत नाही, तिचे भाग करायची गरज नाही. ग्लिसरॉल नसेल तर १० मायक्रोलिटरचे भाग करा आणि एकदा वितळलेला भाग पुन्हा गोठवू नका. आपोआप बर्फ वितळवणारा फ्रीझर नको, तो दररोज थोडा तापतो. एप्रिल-मेमध्ये पार्सल आले आणि आतले बर्फाचे पॅक पाणी झालेले असतील तर तारीख आणि वेळ लिहून फोटो काढा, आणि ती कुपी सात लेनची चाचणी होईपर्यंत कोणालाही देऊ नका.

वहीत क्लोन, लॉट क्रमांक, मात्रा आणि एक्स्पोजर लिहा. संपत आलेल्या लॉटचे २० मायक्रोलिटर बाजूला ठेवा आणि नवा लॉट आला की पहिल्या, दुसऱ्या आणि सहाव्या लेनचे नमुने एकाच जेलवर दोनदा भरून मेम्ब्रेन मधून उभी कापा: अर्धी जुन्या लॉटला, अर्धी नव्याला.